कोणतं गाव ठेवायचं?

“झालं का गं? हे सारखे तिकडंच बघतायत,” आई आतून म्हणाली.

“पाच मिनिटं,” मी म्हणाले.

जेवणाच्या टेबलावर दोन टॅब शेजारीशेजारी ठेवले होते. एक अण्णांचा, सहा वर्षांचा जुना, एका कोपऱ्याला काळी इन्सुलेशन टेप गुंडाळलेला. दुसरा मी पुण्याहून आणलेला, मोठा, काचेवरची पातळ फिल्मसुद्धा अजून न काढलेला. आतल्या खोलीत रेश्मा मुलाणी अण्णांचा उजवा हात कोपरातून वाकवत मोजत होती. ती फिजिओथेरपिस्ट. रोज सकाळी दहाला फलटणहून स्कूटीवर यायची. “सात... आठ... काका, श्वास सोडा... नऊ.”

सतरा दिवसांपूर्वी दाढी करता करता अण्णा आरशासमोरच खाली बसले होते. तेव्हापासून त्यांची उजवी बाजू गेली होती आणि वाचा गेली होती. समजतंय सगळं, असं डॉक्टर म्हणत होते. अण्णा मुळातच इतके कमी बोलणारे, की पहिले एकदोन दिवस आईला ते रुसलेत असंच वाटत होतं.

घरी आणल्यावर रेश्माने त्यांच्या डाव्या हातात चमचा दिला, चेंडू दिला, कपड्यांचे चिमटे दिले. हात जागचा हलला नाही. मग एके दिवशी आईने धूळ पुसताना टॅब कपाटावरून खाली काढला, आणि तो हात चादरीवरून उठला.

“ताई, पाहिलंत?” रेश्मा मला म्हणाली होती. “हात चांगला आहे. काकांना कशासाठी उचलावासाच वाटत नव्हता. ह्यासाठी उचलला. आता हे सोडायचं नाही.”

पण जुन्या टॅबची डाव्या कडेची बोटभर पट्टी कधीच मेली होती. खेळातली सगळी बटणं त्याच कडेला. इतकी वर्षं टॅब उलटा धरून, उजव्या अंगठ्याने अण्णा कसंबसं निभावत होते. आता एका हाताने टॅब फिरवणं आणि दाबणं दोन्ही जमेना. बोट त्याच जागी पुन्हा पुन्हा दाबत राहायचे, मग टॅब छातीवर पालथा घालून छताकडे बघायचे. म्हणून मी नवा आणला.

आमच्या घरात असली कामं माझी. मी पुण्याच्या एका कॉलेजात ग्रंथपाल आहे. यंत्रांचं शिक्षण काही नाही, पण आईच्या फोनवरची भजनं, टीव्हीवरचे सिनेमे, भाचेमंडळींचे गाड्यांचे आणि मारामारीचे खेळ, सगळं मीच घालून द्यायची. पासवर्ड माझ्या वहीत. अण्णांना हा गाव वसवायचा खेळही मीच घालून दिला होता. ते वीज मंडळातून वायरमन म्हणून निवृत्त होऊन आठ-नऊ वर्षं झाली होती आणि दुपारभर ओट्यावर बसून राहायचे, तेव्हा. “कुठंही आपला नंबर द्यायचा नाही, नाव द्यायचं नाही, अण्णा. लोक फसवतात,” असं मीच बजावलं होतं. त्यामुळे खेळाने ओळख विचारली तेव्हा अण्णांनी ‘पाहुणा’ म्हणून आत जायचं बटण दाबलं आणि पुढे कायम पाहुणेच राहिले. म्हणजे त्यांचं गाव फक्त त्या एका जुन्या यंत्रात होतं. जगात दुसरीकडे कुठेही नव्हतं.

ते नव्या टॅबवर न्यायचं, तर आधी एका खात्याला जोडायला हवं होतं. मी माझं खातं घेतलं आणि उलटीकडून सुरुवात केली. नव्या टॅबवर खेळ उतरवला, लॉगिन केलं. खेळ पुढे जाईना. आधी दोन झोपड्या बांधा, एक विहीर खणा, गावाला नाव द्या. मी झोपड्या बांधल्या, विहीर खणली. नाव काय द्यायचं म्हणून जुन्या टॅबवर पाहिलं. वेशीवरच्या पाटीवर अण्णांनी एकच शब्द लिहिला होता, ‘गाव’. मीही तेच लिहिलं. त्यांना ओळखीचं वाटावं म्हणून.

मग जुन्या टॅबवर लॉगिन केलं. खेळाने इंग्रजीत विचारलं, दोन गावं सापडली आहेत. कोणतं ठेवायचं? दुसरं पुसलं जाईल.

खाली दोन चौकटी. ‘गाव, चार जानेवारी’. ‘गाव, एकवीस जानेवारी’.

ग्रंथालयात आम्ही नवी आवृत्ती ठेवतो आणि जुनी रद्द यादीत टाकतो. बावीस वर्षं मी हे करत आले आहे. मी एकवीस जानेवारीवर बोट ठेवलं. खात्री आहे का, असं खेळाने विचारलं. मी हो म्हटलं.

जुन्या टॅबवर हिरवं गवत आलं. त्यात दोन झोपड्या आणि एक विहीर. उरलेलं हळूहळू येत असेल, म्हणून मी वाट पाहत बसले. आत रेश्मा नव्याने एकपासून मोजायला लागली होती. तिचं दहापर्यंत झालं. मग माझ्या लक्षात आलं की एकवीस जानेवारी म्हणजे आज.

रेश्मा हात पुसत बाहेर आली. “झालं का ताई? काका अगदी तयार होऊन बसलेत.”

“अपडेट होतंय,” मी म्हणाले. “दोन दिवस लागतील.”

खेळाच्या कंपनीला मी त्या दोन दिवसांत चार पत्रं लिहिली. पहिल्या पत्रात माझी चूक समजावून सांगितली. दुसऱ्यात अण्णांचा आजार सांगितला. तिसऱ्यात आणि चौथ्यात फक्त विनंती होती. उत्तर एकच आलं. प्रिय खेळाडू, आम्ही तपासणी केली आहे. तुमचं गाव सुरक्षित आहे. शेवटची नोंद एकवीस जानेवारी. खेळाचा आनंद घ्या.

तिसऱ्या दिवशी अण्णांनी भिंतीकडे तोंड केलं. रेश्मा मोजायची, हात तिने उचलला तर उचलला जायचा, तिने सोडला की पडायचा.

“तू म्हणालीस दोन दिवस,” आई स्वयंपाकघरात हळू आवाजात म्हणाली. “आज पेजसुद्धा तोंडात धरून ठेवली त्यांनी. गिळेचनात. त्या मुलाणीच्या पोरीसमोर मला कसंतरी झालं.”

“आई, ते गाव गेलं. माझ्या हातून पुसलं गेलं.”

आईने भाकरी उलटली. “मग दुसरं कर. तूच दिलं होतंस ना त्यांना?”

तिच्या लेखी ते एवढंच होतं, आणि खरं सांगायचं तर माझ्याही. एका म्हाताऱ्या माणसाचा वेळ घालवायचा खेळ. गाव पुन्हा बांधून दिलं की झालं. मी कॉलेजातून रजा वाढवून घेतली आणि बांधायला बसले.

बसल्यावर कळलं की मला ते आठवत नाही. सहा वर्षं, प्रत्येक दिवाळीत आणि मे महिन्यात, मी त्यांच्या खांद्यावरून ते गाव पाहिलं होतं. एक फोटो काढला नव्हता. आठवत होतं ते असं: झोपड्या वेड्यावाकड्या. कुठे चार एकमेकींना चिकटलेल्या, कुठे भलीमोठी जागा मोकळी. दगडी घरं, कारंजी, बाग, काही नाही. आणि दिवे नाहीत. खेळाला ते अजिबात आवडत नसे. प्रत्येक झोपडीवर विजेची लाल खूण उघडझाप करायची, तुमच्या गावकऱ्यांना उजेड हवा आहे म्हणून.

मी एकदा चिडवलंही होतं. “काय हो अण्णा, चौतीस वर्षं खांबांवर चढलात, आणि स्वतःच्या गावात एक दिवा नाही?”

“राहू दे. बरंय तसंच,” अण्णा म्हणाले होते.

खेळात लाकडाच्या फळ्या मिळाल्याशिवाय झोपडी बांधता येत नाही. एकट्या गावाला दिवसाला तीन फळ्या मिळतात. शेजारचं गाव असेल तर ते भेट पाठवू शकतं. मग मी शेजारी तयार केले. माझ्या फोनवर एक गाव, लॅपटॉपवर एक, आईच्या फोनवर एक, अण्णांच्या जुन्या टॅबवर आणखी एक. चार नावं, चार पासवर्ड, वहीचं नवं पान. दर दोन तासांनी चारही यंत्रं उघडायची, प्रत्येकातून फळी पाठवायची, नव्या टॅबवर ती स्वीकारायची. एखादं यंत्र अपडेट मागायचं आणि मग बाकीच्यांना ओळख देईनासं व्हायचं. ते पुसून पुन्हा उतरवायचं. आता पुसण्याआधी मी तीन तीनदा वाचत होते.

आईलाही एक यंत्र वाटून दिलं.

“हे हिरवं दाबायचं ना?”

“हो.”

“दाबलं. आता?”

“आता दोन तासांनी.”

“आणि ह्या फळ्यांचं खरं काय येतं का गं घरी?”

“नाही, आई.”

“मग बरंय. ठेवायला जागा नाही,” आई म्हणाली, आणि त्या सगळ्या दिवसांत आम्ही दोघी पहिल्यांदा हसलो.

पाच दिवसांत अठरा झोपड्या उभ्या राहिल्या. मी त्या ओळीने मांडल्या. मध्ये रस्ता, दोन्ही बाजूंना नऊ नऊ. लाल खुणा डोळ्यांत खुपत होत्या, म्हणून रस्त्याच्या कडेने दिवेही लावले. वायरमनचं गाव, म्हटलं, बरं दिसेल.

सहाव्या दिवशी रेश्मासमोरच मी अण्णांना उशीला टेकवून बसवलं आणि टॅब त्यांच्यापुढे स्टँडवर ठेवला.

“अण्णा, झालं बघा अपडेट.”

त्यांनी बराच वेळ पाहिलं. मग डावा हात उचलला. पहिल्या दिव्यावर बोट दाबून धरलं, कचऱ्याच्या टोपलीचं चित्र आलं, ते दाबलं. दिवा गेला. मग दुसरा. दिवे संपल्यावर पहिली झोपडी.

“अण्णा! अहो, काय करताय?”

खेळ प्रत्येक वेळी विचारत होता, खात्री आहे का. अण्णा प्रत्येक वेळी हो दाबत होते. मी टॅब काढून घ्यायला पुढे झाले, तशी रेश्माने माझा दंड धरला. तिचे डोळे चमकत होते.

“थांबा ना ताई! बघा तरी हात कसा चाललाय! खांद्यातून उचलतायत!” आणि ती मोजू लागली. “सोळा... सतरा... शाब्बास काका... अठरा...”

अठरा झोपड्या, दहा दिवे, रस्ता. रेश्माने तिच्या वहीत तारीख घालून लिहून घेतलं. तिच्या दृष्टीने तो फार मोठा दिवस होता.

मोकळ्या गवताकडे बघत अण्णांनी थोडा दम खाल्ला. मोडलेल्या झोपड्यांच्या थोड्याच फळ्या खेळाने परत दिल्या होत्या. मग त्यांनी विहीर उचलली आणि खालच्या कोपऱ्यात नेऊन ठेवली. तिच्या वर, जरा तिरपी, एक झोपडी. तिला जवळजवळ चिकटून दुसरी. मग एक झाड. झाडाभोवती मोकळी जागा सोडून तिसरी.

“असं का करतायत हे?” आईने मला विचारलं.

“मेंदूला मार बसलाय, आई,” मी म्हणाले. “सरळ रेष समजत नसेल.”

रविवारी गजराआत्या आली. अण्णांची थोरली बहीण, अठ्ठ्याहत्तर वर्षांची. नातवाने जीपमधून आणून दारात सोडलं आणि तो बाजाराला गेला. तिच्या पिशवीत हुलग्याचं पीठ होतं, माडगं करून घालायला. ती अण्णांच्या पायथ्याशी बसली, त्यांचा निजलेला हात मांडीवर घेतला आणि आधी रागावली.

“काय रं शिरपा, माझ्या आधी नंबर लावतोस व्हय? लहानपनापासनं असाच. पंगतीत बी माझ्या आधी बसायचा.”

अण्णांनी तोंडाचा डावा कोपरा हलवला. मग आपल्या चांगल्या हाताने तिचं बोट धरलं आणि टॅबकडे ओढलं.

“मला न्हाई दिसत बाबा असलं बारीक.”

त्यांनी बोट सोडलं नाही. ते विहिरीवर ठेवलं. तिथून पहिल्या झोपडीवर नेलं, दुसऱ्या झोपडीवर, झाडावर. झाडाला वळसा घालून तिसऱ्या झोपडीवर. पुन्हा विहिरीपासून, तसंच. मी बाजूला उभी राहून बघत होते. चष्मा वर करून आत्या अगदी काचेला नाक लावून वाकली.

“ह्यो आड म्हनायचा का?” ती म्हणाली. “आडापासनं वर... ह्यो पार... आन्‌ हितनं असं वळून...” तिचं बोट आता आपोआप चाललं होतं. “आगं, ही तर आमची वाट हाय.”

“कुठली वाट, आत्या?”

“बोरथळची! पान्याला जायची वाट. ही गुरवाची दोन घरं, दोघं भाऊ, एकमेकाशी बोलत नव्हतं, पर भित एकच. ह्यो पार. पारापल्याड तात्या सुताराचं घर. आन्‌ आमचं रं? आमचं कुठाय?”

अण्णांनी झाडाच्या वरच्या अंगाला, अजून काही नव्हतं तिथं, गवतावर बोट टेकवलं.

“हां. बराब्बर. वगळीच्या काठाला.” वगळ म्हणजे ओढा, एवढं मला ऐकून माहीत होतं.

अण्णांचं गाव धरणात गेलं, हे आमच्या घरात सगळ्यांना माहीत होतं. अण्णांना वांगं चालत नाही, हे जसं माहीत होतं तसं. त्यापुढे मी कधी काही विचारलं नाही. ते सतरा वर्षांचे होते तेव्हा गाव उठलं. काही माणसं वसाहतीत गेली, काही मुंबईला. अण्णा वीज मंडळात चिकटले.

“आत्या,” मी विचारलं, “गावात दिवे होते?”

“दिवं कुठलं, बाई? घासलेटच्या चिमण्या. ईज त्या धरनाचीच, ती गाव बुडाल्यावर आली.”

मी उठून स्वयंपाकघरात गेले. आई हुलग्याचं पीठ चाळत होती. मी तिला सांगितलं. ती चाळणी हातात धरून उभी राहिली.

“सगळं गाव?”

“सगळं असणार. सहा वर्षं लावत होते. तू पाहिलं नव्हतंस?”

“मला काय कळतंय त्यातलं? मला वाटायचं, बसलेत निवांत तर बसू देत.” मग म्हणाली, “त्यांना सांगू नको तू पुसलंस म्हणून.”

“त्यांना कळलं नसेल असं वाटतं तुला?”

“कळलं असलं तरी सांगू नको.”

मी सांगितलं. आत्या माडगं भरवून ओट्यावर टेकली होती तेव्हा. अण्णांच्या डोळ्यांसमोर येईल अशी खुर्ची ओढून बसले.

“अण्णा, तुमचं गाव माझ्याकडून पुसलं गेलं. त्याने विचारलं होतं कोणतं ठेवायचं. मी माझं ठेवलं. दोन झोपड्यांचं. तुमचं पुसलं. अपडेट वगैरे काही नव्हतं. मी खोटं बोलले.”

त्यांनी डोळे मिटले. मिटलेलेच ठेवले. मला वाटलं, आता परत भिंतीकडे वळतील. काही वेळाने त्यांनी डोळे उघडले, टॅब बोटाने आपल्याकडे ओढला आणि फळ्यांच्या चित्रावर टिचकी मारली. फळ्या शून्य होत्या. त्यांनी माझ्याकडे पाहिलं.

मी चारही यंत्रं घेऊन त्यांच्या पलंगाशेजारीच बसले.

आत्या चार दिवस राहिली. अण्णा झोपडी ठेवायचे आणि आत्या ती कोणाची ते सांगायची. मी लिहून घेत होते. खाली आडाजवळ गुरव. मग सुतार. पाराच्या मागे धोंडीबुवा, ज्यांच्या म्हशीने आत्याला एकदा आडात ढकललं होतं. वगळीच्या काठाला आमचं घर. आमचं घर ठेवताना अण्णांनी झोपडी तीनदा उचलून तोंड फिरवलं, दार वगळीकडे येईपर्यंत. खेळ तेव्हाही त्याच्यावर लाल खूण लावून उजेड मागत होता. आई टीव्ही बंद करून बसायची. रोज एकदा विचारायची, “आपल्या घराच्या शेजारी कोण?” आपल्या, असं ती म्हणत होती. लग्न करून ती या घरात आली त्याआधी बारा वर्षं ते गाव पाण्याखाली गेलं होतं.

अण्णा जेवू लागले. रेश्मा वहीत आकडे लिहीत होती आणि डॉक्टरांना फोनवर सांगत होती.

मग खालची आळी संपली आणि अण्णांनी वगळीच्या पलीकडे वरच्या बाजूला पहिली झोपडी ठेवली. मी आत्याकडे पाहिलं.

“ती वरली आळी. तिथलं मला न्हाई ठावं,” आत्या म्हणाली.

“गाव तेवढंच ना, आत्या? कधी गेलीच नाहीस?”

“आमच्या वक्ताला पोरी वरल्या आळीला जात न्हवत्या, बाई. तिकडं तालीम हुती, बाप्यांची ऊठबस. चौदाव्या वर्षी माझं लगीन झालं. ते शिरपाला ठावं. दिसभर तिकडंच असायचा उंडगत.”

“दुसरं कोण आहे ज्याला माहीत असेल?”

आत्या बोटांवर मोजू लागली. एकेक नाव घेतलं आणि प्रत्येकासाठी हात हवेत उडवला. शेवटी म्हणाली, “मुंबईला म्हाद्या हुता. पर त्यो कुनाला वळकत न्हाई आता.”

दुसऱ्या दिवशी नातू येऊन तिला घेऊन गेला. जाताना ती अण्णांच्या कानात काहीतरी बोलली, ते मला ऐकू आलं नाही.

वरच्या आळीत अण्णांनी एकट्याने सहा झोपड्या ठेवल्या. एक लांबट मोकळी जागा सोडली, ती तालमीची असावी. नावं सांगायला कोणी नव्हतं. मी वहीत नुसतेच आकडे घालत गेले. वरची एक, वरची दोन. त्यांचा हात आता लवकर थकत होता. रक्तदाब पुन्हा वर जात होता, आणि डॉक्टरांनी गोळी बदलली होती. त्यानंतर अण्णा अठरा दिवस जगले. त्याला आता सात वर्षं झाली. पण तेव्हा मी दिवस मोजत नव्हते, फळ्या मोजत होते. आई दुपारची झोप सोडून हिरवं बटण दाबायला बसत होती.

त्या दिवशी सकाळी रेश्मा येऊन गेली होती. बाहेर कांद्याच्या लिलावाच्या गाड्या लागल्या होत्या, त्यांचे हॉर्न ऐकू येत होते. सातव्या झोपडीच्या फळ्या भरल्या. अण्णांनी ती उचलली. उचललेली झोपडी या खेळात बोटाखाली तरंगत राहते. जिथे ठेवता येते तिथे ती हिरवी होते. त्यांनी ती तालमीच्या उजवीकडे नेली. हिरवी झाली. ठेवली नाही. डावीकडे नेली. तिथेही हिरवी झाली. पुन्हा उजवीकडे. मग पार वर, टेकाडापाशी. पुन्हा डावीकडे.

“दमलात का, अण्णा? नंतर ठेवू या?”

त्यांनी बोट काचेवरून काढलं नाही. माझ्याकडे पाहिलं.

“इथं का?” मी डावीकडे दाखवलं.

ते नुसतेच बघत राहिले.

“मग इथं? उजवीकडं?”

मान हलली नाही, ना हो म्हणून, ना नाही म्हणून. त्यांचे डोळे माझ्या तोंडावरून ढळत नव्हते. त्यांना काही सांगायचं आहे आणि मला कळत नाही, असं मला आधी वाटलं. गेल्या महिनाभरात ते शंभरदा झालं होतं. मग त्यांनी भुवई थोडी उचलली. लहानपणी मी पाढे म्हणताना अडले की ते पुढचा आकडा सांगत नसत. भुवई उचलून वाट बघत. ही ती भुवई नव्हती. तेव्हा त्यांना उत्तर माहीत असायचं.

ते मला विचारत होते.

सहा वर्षं एकेक घर आठवून त्यांनी त्या यंत्रात ठेवलं होतं. ठेवल्यावर ते डोक्यात धरून ठेवायचं काय कारण? आता डोक्यातलं पुसट झालं होतं, आणि यंत्रातलं मी पुसलं होतं. ते गाव पूर्ण झालेलं पाहणारी अण्णांखेरीज दुसरी कोणी असेल तर ती मी होते. दर दिवाळीत, दर मे महिन्यात, त्यांच्या खांद्यावरून.

मी आठवून पाहिलं. चहाचा कप आठवला, अण्णांच्या मानेवरचे पांढरे केस आठवले, टॅबच्या कोपऱ्यावरची टेप आठवली. तालमीच्या बाजूला काय होतं, काही होतं की नव्हतं, काही आठवलं नाही.

त्यांचं बोट अजून काचेवरच होतं. झोपडी त्याखाली हिरवी होऊन तरंगत होती.

“इथं होती, अण्णा,” मी म्हणाले. “तालमीच्या डावीकडं. थोडी खाली. मला पक्कं आठवतंय.”

त्यांनी पाहिलं. झोपडी डावीकडे नेली, थोडी खाली. ठेवली. उशीला मान टेकवून मोठा श्वास सोडला. व्यायामात मोजता मोजता रेश्मा सोडायला सांगायची, तसा.

“आणि हिच्या शेजारी?” दारात उभ्या राहिलेल्या आईने विचारलं. “हिच्या शेजारी कोण होतं?”

आठव्या झोपडीच्या फळ्या आल्या. अण्णांनी ती उचलली, आणि जागा शोधलीच नाही. तिला बोटाखाली तशीच तरंगत ठेवून त्यांनी माझ्याकडे पाहिलं, आणि मी थांबले नाही. लगेच बोट दाखवलं.